एकाच शाईतली गावं

माझ्यावर सगळ्यात जास्त उपकार कोणाचे, असं कोणी विचारलं तर मी धुळ्याच्या माझ्या इतिहासाच्या सरांचं नाव घेतो. आईवडिलांनी मला शिकू दिलं, पण शिकण्यासारखं काय आहे ते या माणसानं दाखवलं. कॉलेजात शिपायापासून प्राचार्यांपर्यंत सगळे त्यांना नाना म्हणत, म्हणून मीही नानाच म्हणतो.

मी पहूरचा. आमच्या घरात माझ्याआधी कोणी मॅट्रिकच्या पुढे गेलं नव्हतं. शाळेत भूगोलाच्या तासाला भिंतीवर महाराष्ट्राचा नकाशा टांगत. त्यात जळगाव होतं, पहूर नव्हतं. गुरुजी छडीचं टोक जळगावच्या जरा खाली टेकवून म्हणायचे, "आपण इथं कुठंतरी." मला तेव्हा त्यात काही वावगं वाटलं नाही. जळगावला बी. ए. झालो आणि एम. ए. करायला धुळ्याला गेलो, तेव्हा ऐंशीचं दशक नुकतं सुरू झालं होतं. नानांनी पहिल्याच आठवड्यात एका दुपारी आम्हाला विभागातल्या लांब टेबलाशी बोलावलं आणि कपाटातून कापडाची एक गुंडाळी काढली.

कापडावर फोटो चिकटवलेले होते, एकाला एक जोडून. युरोपातल्या कुठल्याशा ग्रंथालयात असलेल्या एका जुन्या सागरी नकाशाचे ते फोटो. नानांनी तरुणपणी बराच पत्रव्यवहार करून मागवलेले, काळेपांढरे. मूळ नकाशा मेंढीच्या अख्ख्या कातड्यावर काढलेला होता, मानेकडचा निमुळता भागही तसाच ठेवलेला. किनाऱ्याच्या रेषेला काटकोनात, जमिनीच्या बाजूला, बंदरांची नावं दाटीवाटीनं लिहिलेली. किनारा वळला की नावंही वळायची. अर्धी नावं आम्हाला उलटी दिसत. एकानं कापड फिरवायला हात घातला तर नानांनी तो बाजूला केला. म्हणाले, खलाशी नकाशाभोवती फिरायचा, आपणही फिरायचं. मग आम्ही सगळे टेबलाभोवती फिरलो, देवळात प्रदक्षिणा घालावी तसे. त्या नकाशाला वरची बाजू नव्हती.

त्याआधी त्यांनी फळ्यावर ख्रिस्ती मठातल्या साधूंचा नकाशा काढून दाखवला होता. एक वर्तुळ, त्यात पूर्व वर, बरोबर मध्यभागी जेरुसलेम, राजांच्या शहरांवर बुरूज आणि मनोरे. त्या नकाशात मान होता, पायऱ्या होत्या. आणि हा सागरी नकाशा. नाना टेबलावर दोन्ही हात टेकवून म्हणाले, "यात व्हेनिस बघा आणि त्याच्या शेजारचं हे कोळ्यांचं गाव बघा. दोन्ही एकाच शाईत, एकाच अक्षरात. खलाशाला दोन्हीकडं पाणीच भरायचंय." मग अहिराणीत, जरा खालच्या आवाजात, जसं काही हे आमच्यापुरतंच आहे, म्हणाले, "दर्याले राजा बी एकच, कोळी बी एकच."

या वाक्यानं मला उचललं. दुसरा शब्द मला सुचत नाही. भिंतीवरच्या नकाशात ज्याचं गाव नव्हतं त्या पोराला कोणीतरी सांगत होतं की एके काळी असेही नकाशे होते ज्यात लहानसहान गाव मोठ्या शहराच्या मांडीला मांडी लावून बसायचं. नानांचा हा सिद्धांत पुढे इतिहास परिषदेत गाजला. आम्ही विद्यार्थी त्याला 'एका शाईचा सिद्धांत' म्हणायचो. मी पीएच. डी.साठी हाच विषय घेतला: मध्ययुगाच्या अखेरीपासून पुढच्या दोनेक शतकांत नकाशे काढणाऱ्यांनी जगाकडं कसं पाहिलं.

विषय मंजूर करणाऱ्या समितीपुढे मी उभा राहिलो तेव्हा एका ज्येष्ठांनी चष्म्यावरून पाहत विचारलं, मेडिटेरेनियन समुद्राला लागून जळगाव जिल्ह्याचा कोणता तालुका येतो. बाकीचे हसले. दुसऱ्यांनी तापीच्या खोऱ्यातल्या जुन्या व्यापारी वाटा घे म्हणून मनापासून सुचवलं. घरी वडिलांनी फक्त एवढंच विचारलं की नकाशाच पाहिजे तर तो तलाठ्याकडे मिळतो, त्याला इतकी वर्षं कशाला. नाना समितीशी भांडले, लेखी भांडले, आणि विषय मंजूर झाला. तेच माझे मार्गदर्शक.

त्यानंतरची वर्षं आठवली की आजही माझ्या हाताच्या मुठी वळतात. मी ज्याचा अभ्यास करत होतो ते मी कधी पाहिलेलं नव्हतं आणि पाहणारही नव्हतो. पुस्तकांच्या तळटिपांमध्ये ज्या पुस्तकांची नावं असत, ती जळगावात नव्हती, धुळ्यात नव्हती. मोठ्या शहरातल्या ग्रंथालयाकडे मागणी पाठवायची. मागणी कॉलेजच्या ग्रंथपालामार्फत जायची, ग्रंथपाल ती प्राचार्यांच्या सहीसाठी ठेवायचे, प्राचार्य दौऱ्यावर असायचे. एकदा एक जाडजूड पुस्तक आलं, याच सागरी नकाशांवरचं. मी ते कापडात गुंडाळून एस. टी.त मांडीवर घेऊन आलो. खोलीवर उघडलं तर रंगीत चित्रांची पानं मुळाशी ब्लेडनं कापून नेलेली. प्रत्येक ठिकाणी एक बारीक पांढरी पट्टी शिल्लक होती. कोणाला हवी होती ती पानं, देव जाणे. माझ्यासारखाच कोणी असेल, तेही मनात आलं, आणि त्यामुळे राग कमी न होता वाढला. राग काढायचा तरी कोणावर.

दरम्यान शिरपूरच्या एका कॉलेजात मला तासिका तत्त्वावर काम मिळालं. तिथल्या वर्गात सातपुड्याच्या पायथ्याची, काही तर डोंगरातल्या पाड्यांवरची मुलंमुली असत. मागच्या बाकांवर, मान खाली घालून. मी त्यांना एका शाईची गोष्ट सांगितली की माना वर यायच्या. एका मुलीनं तासानंतर येऊन विचारलं होतं, सर, तो नकाशा काढणारा स्वतः लहान गावचा होता का. मला उत्तर ठाऊक नव्हतं, पण त्या दिवशी खोलीवर येताना मला वाटलं की आपण जे करतोय ते फुकट नाही.

नाना निवृत्त झाले आणि त्यांची एकसष्टी आली. विद्यार्थ्यांनी सत्कार ठरवला, गौरवग्रंथ ठरवला. माझ्याबरोबर एम. ए.ला असलेला मित्र आता जळगावच्या कॉलेजात कायम झाला होता, तो संपादक. ग्रंथातला मुख्य लेख, नानांच्या एका शाईच्या सिद्धांतावरचा, मी लिहायचा असं सगळ्यांनी एकमुखानं ठरवलं. माझ्या प्रबंधाचं तिसरं प्रकरणही तेच होतं. एकाच दगडात दोन कामं होणार होती. मी खूश होतो, हे मुद्दाम सांगतो.

त्याच हिवाळ्यात कॉलेजच्या वार्षिकांकासाठी जाहिराती गोळा करायच्या होत्या. हे काम तासिकेवाल्यांच्याच गळ्यात पडायचं. मी कापसाच्या एका मारवाडी शेठच्या गादीवर गेलो. शेठ फोनवर होते. मी बसून भिंतीकडे पाहत होतो. लक्ष्मीच्या तसबिरीखाली मुंबईच्या कुठल्याशा जहाज एजंटानं पाठवलेलं मोठं कॅलेंडर होतं, दर महिन्याला एक जुना नकाशा. त्या महिन्याच्या पानावर सागरी नकाशा होता. रंगीत.

मी उठून भिंतीशी गेलो. किनारा ओळखीचा, अक्षरांची दाटी ओळखीची. फक्त नावं दोन रंगांत होती. बहुतेक काळी आणि मधूनमधून लाल. मी लाल नावं वाचायला लागलो. व्हेनिस लाल. जिनोआ लाल. अलेक्झांड्रिया लाल. मोठी बंदरं तेवढी लाल, आणि त्यांच्या मधली सगळी काळी.

शेठनी फोन ठेवून विचारलं, "काय पाहताय सर, माल कुठं पाठवायचाय का?" मी काय बोललो आठवत नाही. ते पान मिळेल का असं मी विचारलं असावं, कारण त्यांनी उठून ते फाडून दिलं आणि म्हणाले, "घ्या. महिना संपतच आलाय. तसा गेलेला महिना आमच्या काय कामाचा." जाहिरातही दिली, अर्ध्या पानाची.

एस. टी. स्टँडवर मी ते पान पुन्हा उलगडलं नाही. मी मनाशी म्हणत होतो की हा एक नकाशा झाला, नानांचा दुसरा. कदाचित हा उशिराचा असेल, कदाचित कोण्या सरदारासाठी सजवून काढलेला असेल. अशी कारणं मला भराभर सुचत होती आणि त्याचीच मला भीती वाटत होती, कारण ती सगळी नानांनीच मला शिकवलेली कारणं होती.

पुढच्या सुटीत जळगावला गेलो तेव्हा कोर्टाशेजारच्या झेरॉक्सच्या दुकानात शिरलो. एका कोऱ्या कागदावर काळ्या पेननं चार गावं लिहिली होती, पहूर, जामनेर, रावेर, यावल. खाली लाल पेननं जळगाव आणि धुळे. दुकानदारानं कागद पाहिला, मला पाहिलं आणि म्हणाला, "सर, एस. टी.चा बोर्ड करायचाय का?" प्रत निघाली. सगळी गावं काळी. जळगाव आणि धुळे किंचित फिकी, पण कोणी सांगितलं नाही तर लक्षातही येऊ नये इतकी. नानांचे फोटोही असेच काळेपांढरे होते. मी ती प्रत हातात धरून दुकानाच्या पायरीवर उभा राहिलो. मागून वकिलाचा कारकून "सरका भाऊ" म्हणाला तेव्हा सरकलो.

राग कशाचा आला ते नीट सांगायला हवं. नानांचा आला नाही, निदान तेव्हा नाही. राग आला तो या गोष्टीचा, की आम्ही दोघांनी आयुष्याची चांगली वर्षं एका नकाशाच्या सावलीवर घालवली आणि ज्याला या विषयाशी काही देणंघेणं नाही अशा जहाज एजंटाच्या फुकट कॅलेंडरला आमच्यापेक्षा जास्त ठाऊक होतं. आणि ज्या नकाशावर आमच्यासारख्यांना बसायला जागा मिळाली होती, तो शेवटी इतरांसारखाच निघाला. मोठ्यांना लाल, बाकीच्यांना काळं. त्या डोंगरातल्या मुलीला मी काय सांगितलं होतं.

रविवारी धुळ्याला गेलो. नाना ओसरीत खुर्ची टाकून बसले होते, काकूंनी चहा आणला आणि मी वाळलो म्हणून मला बोलल्या. नाना फार आनंदात होते. सत्काराला कोण कोण येणार ते सांगत होते. मी कॅलेंडरचं पान त्यांच्यापुढे ठेवलं. त्यांनी ते हातभर लांब धरलं, मग जवळ घेतलं.

"कॅलेंडर," ते म्हणाले. "भाऊ, हे लोक रामाला निळा करतात. नकाशात लाल भरायला त्यांना कोण अडवणार?"

मला हसू आलं, आणि क्षणभर खरंच वाटलं की असेल बुवा. पण मी म्हटलं, नाना, आपले फोटो एकदा बघू या का. त्यांनी गुंडाळी आणली. आम्ही ती ओसरीतच जमिनीवर पसरली आणि मी गुडघ्यांवर बसून व्हेनिस शोधलं. फिकं होतं. जिनोआ फिकं. अलेक्झांड्रिया फिकं. मधली सगळी गावं काळीभोर. कॅलेंडरातलं एकेक लाल नाव मी फोटोत जुळवत गेलो.

मी बोट ठेवून नानांकडे पाहिलं. ते सहज म्हणाले, "हं, ती झिजलीत. खलाशांची बोटं तिथंच सारखी जायची ना. मोठं बंदर, तिथंच बोट टेकणार. शाई उडाली." हे त्यांनी आत्ता रचलेलं नव्हतं. ते अनेक वर्षं हेच मानत आले होते, मला स्पष्ट दिसलं. त्यांना फिका रंग दिसला होता आणि त्यांनी त्याचा अर्थ लावला होता. त्या अर्थातही माणसं होती, बोटं होती. चुकीचा होता, पण अर्थ किती देखणा होता.

मी खिशातून झेरॉक्सची घडी काढली, मूळ कागदही काढला, दोन्ही शेजारी ठेवले. नानांनी पहूर वाचलं, जळगाव वाचलं, धुळे वाचलं. एकदा या कागदावर, एकदा त्या. काकू आत भाकऱ्या थापत होत्या, त्यांचा आवाज येत होता. मग ते माझ्याकडे न पाहता म्हणाले, "मंग तुनं म्हननं काय शे?"

हा प्रश्न त्यांनी मला विसेक वर्षांच्या पोराला विचारावा तसा विचारला. मी उत्तर तयार करून आलो होतो, एस. टी.त मनाशी घोकलंही होतं. तोंडातून निघालं ते एवढंच, "काही नाही नाना. असंच." त्यांनी मान हलवली. गुंडाळी बांधता बांधता म्हणाले की लेख लवकर दे, छापखान्याची घाई आहे. मग जेवायला बसलो. शेवभाजी होती. मी नेहमीपेक्षा जास्त जेवलो, कारण बोलायचं टाळायचं होतं. त्यांना त्या दिवशी कळलं होतं की नव्हतं, ते मला आजही ठरवता आलेलं नाही.

संपादक मित्राला मी सगळं सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं, चांगला माणूस आहे तो. मग म्हणाला, "तू सत्कार करतोयस का नानांची तोंडी परीक्षा घेतोयस? शाल-श्रीफळाच्या ताटात कोणी लाल शेऱ्यांची उत्तरपत्रिका ठेवतं का?" मी म्हटलं, पण खोटं कसं लिहू. तो म्हणाला, खोटं लिहू नकोस, जुनं लिही. जे ते आजवर म्हणत आले तेवढंच मांड, स्वतःचं मत देऊ नकोस. प्रबंधात काय करायचं ते पुढच्या वर्षी बघ, नाना कुठं वाचायला बसलेत. हे शेवटचं तो सहज बोलून गेला, आणि तिथंच माझं बिनसलं. कारण नाना वाचणार होते. माझं प्रत्येक प्रकरण नाना पेन्सिल घेऊन वाचत आले होते, समासात प्रश्न लिहीत आले होते. ते वाचणार नाहीत असं धरून काही लिहायचं, ही कल्पनाच मला सहन झाली नाही.

मी जुनं लिहून पाहिलं. चार वेळा बसलो. 'आपल्या गुरुवर्यांच्या मते' अशी सुरुवात केली की पुढचं वाक्य येईना. शेवटी ते कागद बाजूला सारले आणि तिसरं प्रकरण पुन्हा, मुळापासून लिहिलं. त्यात दोन शाया होत्या. ते संपल्यावर लेख लिहिला, त्याच विषयावर, त्याच निष्कर्षाचा. मग तो संपादकाकडे न पाठवता हे पत्र लिहिलं. शिरपूरच्या पोस्टात टाकलं तेव्हा पेटीत हात अडकला होता की सोडवत नव्हता, सांगता येत नाही.

*

तीर्थस्वरूप नाना यांस,

शिरसाष्टांग नमस्कार, वि. वि.

त्या रविवारी ओसरीत तुम्ही मला विचारलं की माझं म्हणणं काय आहे, आणि मी काही नाही म्हणालो. ते खरं नव्हतं. समोर बोलता आलं नाही म्हणून लिहितो आहे. तुम्हाला राग आला तर तो माझ्या वाट्याचाच आहे.

नाना, मूळ नकाशात दोन शाया आहेत असं मला वाटतं. फोटोत लाल रंग करडा उतरला आहे. जी बंदरं आपण झिजलेली समजत होतो ती लाल असावीत. कॅलेंडर एकटं असतं तर मी मानलं नसतं, पण आपल्याच फोटोत फिकी दिसणारी नावं आणि कॅलेंडरातली लाल नावं मी एकेक करून जुळवली. दोन सोडून सगळी जुळतात. ती दोन का जुळत नाहीत ते मला समजलेलं नाही, ते तुम्हीच सांगू शकाल.

याचा अर्थ एका शाईचा सिद्धांत उभा राहत नाही. हे लिहिताना मला फार जड जात आहे. तुम्ही आम्हाला शिकवलं की पुरावा आपल्या लाडक्या मताविरुद्ध गेला तर त्याला खुर्ची द्यायची. तेव्हा ते मत कोणाचं तरी दुसऱ्याचं असायचं, म्हणून सोपं वाटायचं.

मी तिसरं प्रकरण नव्यानं लिहिलं आहे आणि गौरवग्रंथाचा लेखही त्याच धर्तीवर केला आहे. त्यात तुमचा सिद्धांत पूर्ण मांडला आहे, तो कोणत्या फोटोंवर आणि कोणत्या परिस्थितीत उभा राहिला तेही मांडलं आहे, आणि मग तो का सोडावा लागतो ते. आदर कुठंही कमी होऊ दिलेला नाही, असा माझा समज आहे, पण ते तुम्ही ठरवायचं.

लेख अजून कोणालाही दिलेला नाही. तुम्ही वाचून हो म्हणालात तरच छापखान्यात जाईल. नको म्हणालात तर ग्रंथात माझा लेख असणार नाही, आणि मी सत्काराला नेहमीसारखा येऊन खुर्च्या लावीन, कोणाला काही बोलणार नाही. प्रबंधात मात्र दोन शाया राहतील. तेवढं मला तुमच्यासाठीही बदलता येणार नाही. मार्गदर्शक म्हणून त्यावर सही करणं तुम्हाला पटलं नाही, तर तसं सांगा. मी पुढं काय करायचं ते बघेन, पण त्याचा दोष तुम्हाला देणार नाही.

वर्गात मी मुलांना एका शाईची गोष्ट सांगत आलो आहे. त्यांना पुढच्या सोमवारी खरं सांगणार आहे. कसं सांगावं हे कळत नाही. तुम्ही असता तर कसं सांगितलं असतं, ते जमलं तर दोन ओळी लिहून कळवा.

येत्या रविवारी सकाळच्या गाडीनं लेख घेऊन येतो. तुम्हाला भेटायची इच्छा नसेल तर काकूंच्या हाती ठेवून परत जाईन. तुमची पेन्सिल मात्र त्यावर चालवा, एवढी विनंती आहे. काकूंना नमस्कार.

आपला विद्यार्थी